वॉट्स 1965 आणि लॉस एंजेलिस 1992: या दोन दंगली एका माळेचे मणी नव्हेत

‘लॉस एंजेलिसमध्ये पोलिसांनी एका कृष्णवर्णीय वाहनचालकाला अडवलं, मारलं आणि शहर पेटलं.’ हे वाक्य इतक्या ठिकाणी इतक्या वेळा उतरवलं गेलंय की ते नेमकं कोणत्या दंगलीबद्दल आहे हे लिहिणाऱ्यालाही ठाऊक नसतं. फोटो 1992 चा, मृतांचा आकडा 1965 चा, आणि ‘चौकशी आयोगाने ठपका ठेवला’ म्हणून जो अहवाल पुढे केला जातो तो दंगलीच्या आधीचाच. वर कोणी किंग हे आडनाव वाचून मार्टिन ल्यूथर किंग यांनाही त्यात ओढतं. ते 1965 च्या दंगलीनंतर वॉट्सला (लॉस एंजेलिसच्या दक्षिण भागातल्या कृष्णवर्णीय वस्तीत) आले होते हे खरं, पण 1992 च्या प्रकरणातले वाहनचालक रॉडनी किंग वेगळे, एवढं तरी ध्यानात ठेवावं.

1992 बहुतेकांना माहीत असतं, म्हणून ते झटकन उरकतो. 3 मार्च 1991 च्या मध्यरात्रीनंतर पाठलाग करून रॉडनी किंग यांची गाडी थांबवली गेली. पोलिसांनी त्यांना दांडक्यांनी मारलं आणि समोरच्या इमारतीतल्या एका रहिवाशाने बाल्कनीतून ते चित्रित केलं. ती टेप टीव्हीवर जगभर दिसली. चार पोलिसांवर खटला चालला, ते सुटले, शहर पेटलं.

किरकोळ फरकही एका दमात सांगून टाकतो. वॉट्सची दंगल सहा दिवस चालली, 11 ते 16 ऑगस्ट 1965. मृत 34, जखमी हजाराच्या वर, अटक चार हजारांच्या घरात, नुकसान अंदाजे 4 कोटी डॉलर. 1992 ची दंगल 29 एप्रिलला सुरू होऊन 4 मेपर्यंत. मृत 50 च्या पुढे, आज बहुतेक ठिकाणी 63 हा आकडा धरतात. अटक बारा हजारांच्या आसपास, नुकसान सुमारे 100 कोटी डॉलर. जागाही एक नाही: 1992 ची सुरुवात वॉट्समध्ये नाही, तर तिथून काही मैल वायव्येला, फ्लॉरेन्स आणि नॉर्मंडी या रस्त्यांच्या चौकात झाली. किंग यांना मारहाण झाली ती तर लेक व्ह्यू टेरेसला, शहराच्या पार उत्तर टोकाला. नॅशनल गार्डला (राज्याच्या राखीव सैन्यदलाला) दोन्ही वेळा उशीर झाला. 1965 ला गव्हर्नर पॅट ब्राउन ग्रीसमध्ये होते आणि लेफ्टनंट गव्हर्नरने निर्णय लांबवला. 1992 ला जवान गोळा झाले, पण दारूगोळाच वेळेवर पोचला नाही.

हे आकडे चुकले तर फार बिघडत नाही. ज्याच्यावरून सगळं घसरतं तो फरक दुसराच आहे.

वॉट्स अटकेवरून पेटलं. 1992 चं लॉस एंजेलिस मारहाणीवरून पेटलं नाही, निकालावरून पेटलं.

वॉट्सचा घटनाक्रम घड्याळ लावून बघण्यासारखा आहे. 11 ऑगस्ट, बुधवार, उकाड्याची संध्याकाळ, सातचा सुमार. कॅलिफोर्निया हायवे पेट्रोलच्या एका मोटरसायकलस्वार अधिकाऱ्याने 21 वर्षांच्या मार्केट फ्राय याला दारू पिऊन गाडी चालवल्याच्या संशयावरून थांबवलं. (हायवे पेट्रोल म्हणजे राज्याचे पोलीस. ‘लॉस एंजेलिस पोलिसांनी अडवलं’ हे सर्रास लिहिलं जातं, ते चूक.) गाडीत भाऊ होता. गाडी उचलून नेणार म्हटल्यावर जवळच राहणारी आई गाडी ताब्यात घ्यायला आली. बोलाचाली, मग झटापट, जादा पोलीस आणि तिघांनाही अटक. तोवर शेकडो लोक जमलेले. गर्दीतल्या एका बाईला पोलिसांनी ओढून नेलं, ती गरोदर होती अशी आवई उठली. पोलिसांच्या गाड्या निघेपर्यंत दगड पडायला लागले. पहिल्या थांबवण्यापासून इथपर्यंत तासभरही गेला नाही. ना चित्रफीत, ना खटला, ना निकाल.

दारू पिऊन गाडी चालवल्याची एक साधी अटक एवढ्यावर गेली, कारण खाली साठलेलं बरंच होतं. वंशावरून घर नाकारायला मनाई करणारा कायदा कॅलिफोर्नियाने 1963 मध्ये केला आणि नोव्हेंबर 1964 मध्ये मतदारांनी ‘प्रपोझिशन 14’ या सार्वमताने तो रद्द केला. मतदान हक्काच्या केंद्रीय कायद्यावर राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांची सही झाली ती 6 ऑगस्ट 1965 ला, दंगलीच्या पाचच दिवस आधी. देशाच्या दक्षिणेकडच्या राज्यांत हक्क मिळाले आणि इथे घरच मिळेना. वर पोलीसप्रमुख विल्यम पार्कर दंगलखोरांना प्राणिसंग्रहालयातल्या माकडांची उपमा देणारे.

आता 1992 चं घड्याळ लावा. मारहाण 3 मार्च 1991 ला, पहिला दगड 29 एप्रिल 1992 ला. मध्ये जवळजवळ चौदा महिने. टेप मारहाणीनंतर दोन-तीन दिवसांतच घराघरात पोचली होती. पेटायचंच असतं तर तेव्हाच पेटलं असतं. लोक थांबले, कारण या वेळी पुरावा सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होता आणि पोलिसांवर आरोपपत्रही झटपट दाखल झालं होतं. कोर्ट काय करतंय ते बघू, अशी ती चौदा महिन्यांची वाट होती. मारहाण आणि दंगल एका वाक्यात, मध्ये नुसतं ‘आणि’ घालून जोडली की ही वाटच पुसली जाते.

त्या काळात काय काय झालं ते बघा. जुलै 1991 मध्ये लॉस एंजेलिस पोलिसांच्या चौकशीसाठी नेमलेल्या वॉरन ख्रिस्तोफर यांच्या आयोगाने अहवाल दिला: जादा बळ वापरणारे ठरावीक पोलीस खात्याला माहीत असूनही पोसले जातात, प्रमुख डॅरिल गेट्स यांनी जावं. गेट्स गेले नाहीत. खटला शहरातून हलवून शेजारच्या व्हेंचुरा काउंटीतल्या सिमी व्हॅलीत नेला. तिथल्या ज्युरीत दहा गोरे, एक लॅटिनो, एक फिलिपिनो वंशाची व्यक्ती. कृष्णवर्णीय एकही नाही.

आणि एक प्रकरण, जे मराठीत जवळपास कोणीच लिहीत नाही. किंग यांच्या मारहाणीनंतर तेराच दिवसांनी, 16 मार्च 1991 ला, लटाशा हार्लिन्स ही 15 वर्षांची कृष्णवर्णीय मुलगी एका कोरियन वंशाच्या दुकानदार बाईच्या गोळीने मेली. वाद 1.79 डॉलरच्या संत्र्याच्या रसाच्या बाटलीवरून. मुलीच्या हातात दोन डॉलर होते. हेही दुकानातल्या कॅमेऱ्यात टिपलं गेलं. ज्युरीने सदोष मनुष्यवधाचा दोष ठेवला, पण न्यायाधीशांनी तुरुंगवास दिलाच नाही: पाच वर्षं प्रोबेशन, 400 तास समाजसेवा, 500 डॉलर दंड. ही शिक्षा अपिलात कायम झाली 21 एप्रिल 1992 ला. त्यानंतर आठच दिवसांनी सिमी व्हॅलीचा निकाल आला. मारहाणीवरून दंगल झाली असं धरलं तर कोरियाटाउन का जळलं, कोरियन मालकीची दोनेक हजार दुकानं का फुटली याचं उत्तरच सापडत नाही. किंग यांना मारणाऱ्यांत कोरियन कोणी नव्हता. निकालांवरून झाली असं धरा, उत्तर समोर येतं. अर्थात लुटीत सगळेच सामील होते. अटक झालेल्यांत लॅटिनो निम्म्याच्या आसपास होते, त्यामुळे याला ‘काळे विरुद्ध गोरे’ म्हणणंही सोडा.

‘टेप असूनही सुटले कसे?’ हा प्रश्न रास्त आहे. टीव्हीवर बहुतेक वेळा सुरुवातीचे काही अस्पष्ट सेकंद कापून टेप दाखवली जायची. त्या सेकंदांत किंग उठून एका पोलिसाच्या दिशेने येताना दिसतात. ज्युरीने पूर्ण टेप पाहिली, आणि बचाव पक्षाने ती एकेक चौकट थांबवून दाखवली: इथे हात हलला म्हणून हा फटका, इथे गुडघा उचलला म्हणून हा. अशी तुकड्यातुकड्यांनी पाहिली की 56 फटके एक मारहाण उरत नाहीत, 56 वेगवेगळे निर्णय होतात. ज्युरीने चौघांना सोडलं. फक्त लॉरेन्स पॉवेल याच्यावरच्या एका आरोपावर एकमत झालं नाही.

निकाल दुपारी सव्वातीनच्या सुमाराला वाचला गेला. फ्लॉरेन्स-नॉर्मंडीवरून पोलिसांनी त्याच संध्याकाळी माघार घेतली. गोरा ट्रकचालक रेजिनाल्ड डेनी याला जमावाकडून मारहाण होताना हेलिकॉप्टरमधून थेट प्रक्षेपण चालू होतं आणि चौकात पोलीस नव्हता. त्याला वाचवलं ते टीव्हीवर हे बघून धावून आलेल्या त्याच भागातल्या कृष्णवर्णीय रहिवाशांनी. गेट्स त्या वेळी ब्रेंटवूडला एका कार्यक्रमात होते, तोही पोलीसप्रमुखाची मुदत मर्यादित करणाऱ्या प्रस्तावाविरुद्ध निधी गोळा करण्यासाठीचा. या माघारीचं प्रतिबिंब मृतांच्या यादीत दिसतं. 1965 ला बहुसंख्य मृत्यू पोलिसांच्या आणि गार्डच्या गोळीने झाले. 1992 ला तसे मृत्यू दहाच्या आसपास. बाकीचे नागरिकांच्या हातून, आगीत, अपघातात. ‘पोलिसांनी दंगलीत इतके जण मारले’ असं लिहून खाली 63 चा आकडा टाकणाऱ्यांनी हे एकदा वाचावं.

आता सगळ्यात हट्टी घोटाळा. किंग प्रकरणात पुढे दोन पोलिसांना शिक्षा झाली, हे वाचून आपल्याकडे सरळ लिहितात: ‘खालच्या कोर्टात सुटले, वरच्या कोर्टात अडकले.’ असं वाटणं साहजिक आहे, कारण आपल्याकडे सेशन्स कोर्टाने आरोपी निर्दोष सोडला तर सरकार हायकोर्टात अपील करतं आणि तिथे निकाल फिरू शकतो. अमेरिकेत ज्युरीने निर्दोष म्हटलं की संपलं. सरकारला त्याविरुद्ध अपीलच नाही.

मग 1993 ला झालं काय? नवा खटला, वेगळ्या सरकारने, वेगळ्या कायद्याखाली. कॅलिफोर्निया राज्य आणि केंद्र ही तिथे दोन स्वतंत्र सार्वभौम सत्ता मानली जातात. एकाच कृत्याने दोघांचे कायदे मोडले तर दोघांनाही खटला भरता येतो. राज्याचा आरोप मारहाणीचा होता. केंद्राचा आरोप असा की सरकारी अधिकाराच्या आडून किंग यांचा घटनात्मक हक्क जाणूनबुजून हिरावला. इथे हेतू सिद्ध करावा लागतो, म्हणून हा खटला सोपा नव्हता. तो लॉस एंजेलिसमध्येच चालला, ज्युरीत दोघे कृष्णवर्णीय होते. 17 एप्रिल 1993 ला सार्जंट स्टेसी कून आणि पॉवेल दोषी ठरले, दोघांना 30-30 महिने. टिमोथी विंड आणि थिओडोर ब्रिसेन्यो सुटले. निकाल वाचला तो शनिवारी सकाळी सातला, पोलीस रस्त्यावर पूर्ण ताकदीने उभे करून. शहर निकालावरून पेटतं हे प्रशासनाने तेवढं तरी ओळखलं होतं. किंग यांना शहराकडून मिळालेली 38 लाख डॉलरची भरपाई हा आणखी तिसरा, दिवाणी दावा, 1994 चा. तिन्ही एकत्र कालवू नका.

आयोगांचंही तेच. वॉट्सचा आयोग जॉन मॅकोन यांचा, अहवाल डिसेंबर 1965 चा. ख्रिस्तोफर आयोग मारहाणीनंतरचा आणि दंगलीच्या नऊ-दहा महिने आधीचा. 1992 च्या दंगलीत पोलीस कुठे चुकले याचा अहवाल विल्यम वेबस्टर यांचा, ऑक्टोबर 1992 चा. दंगलीवर लिहायचं तर हा घ्या. ख्रिस्तोफरचा हवाला द्यायचा तर ‘आधीच सांगितलं होतं’ म्हणून द्या.

2020 च्या मिनियापोलिसला ‘पुन्हा 1992’ म्हणायची पद्धत पडली आहे, कारण दोन्हीकडे चित्रफीत आहे. घड्याळ बघितलं तर ते वॉट्सच्या जवळचं आहे. कृष्णवर्णीय जॉर्ज फ्लॉइड यांचा पोलिसाच्या हातून मृत्यू 25 मेला, लोक रस्त्यावर 26 ला, पोलीस ठाणं जळलं 28 ला. कोर्टाची वाट कोणी पाहिली नाही. 1992 शी खरं साम्य पुढे, खटल्यांत आहे: तो पोलीस डेरेक शॉव्हिन याला एप्रिल 2021 मध्ये मिनेसोटा राज्याच्या ज्युरीने दोषी ठरवलं, आणि त्याच वर्षी डिसेंबरात केंद्राच्या वेगळ्या खटल्यात त्याने स्वतःच गुन्हा कबूल केला. राज्याची शिक्षा साडेबावीस वर्षं, केंद्राची 21; दोन्ही एकाच वेळी भोगायच्या.