पैसे दिले पण खात्याच्या उताऱ्यात जमा नाहीत? आमच्या दुकानदार ग्राहकांसाठी माहिती

मालक, आपला टॉवेल-चादरीचा धंदा अजून बराचसा ओळखीवर चालतो. सेल्समन बार्शी, पंढरपूर, मंगळवेढा करत येतो, चहा होतो, पैसे दिले जातात आणि पावती "पुढच्या फेरीला देतो" म्हणून राहून जाते. पुढे तुम्ही म्हणता दिले, आम्ही म्हणतो आले नाहीत, आणि मधला माणूस फोन उचलत नाही.

आधी कायद्याचं सांगतो, कारण इथंच बरेच होलसेलवाले हात वर करतात. आमच्या माणसानं आमच्या पावतीवर पैसे घेतले तर ते आम्हाला मिळाले असंच आम्ही धरतो, त्यानं ते पेढीत भरले का खाल्ले हे आमचं आणि त्याचं बघू. 1872 च्या करार कायद्यातल्या कलम 237 आणि 238 चा रोख पण तोच आहे, म्हणजे वर्षानुवर्षं आम्हीच त्याला वसुलीला पाठवायचं आणि अंगाशी आलं की त्याला अधिकारच नव्हता म्हणायचं, हे चालत नाही. पण तो काम सोडून गेलाय हे तुम्हाला कळल्यावर सुद्धा त्याच्या हातात पैसे दिलेत तर मग जबाबदारी आमची नाही. म्हणून त्यानं काम सोडल्याचा मेसेज आमच्याकडून आला, तर दुकानातल्या पोरांना पण सांगून ठेवा.

आता ही अफरातफर होते कशी ते बघा. एकदम मोठी रक्कम कोणी उचलत नाही. समजा पंढरपूरच्या दुकानाचे 18,000 सेल्समननं स्वतःला वापरले, पुढच्या आठवड्यात अक्कलकोटचे आले की तेच पंढरपूरच्या खात्यावर जमा दाखवले, मग अक्कलकोटचं भोक बार्शीच्या पैशानं बुजवलं, असं महिनोन्महिने चालतं आणि वरून सगळी खाती ठीकच वाटतात, फक्त प्रत्येकाची जमा थोडी उशिरा पडते. तो आजारी पडला किंवा सोलापूरच्या गड्डा जत्रेला सुट्टी घेतली की मग साखळी तुटते. (रजाच न घेणारा वसुलीवाला बघून हल्ली आम्हाला कौतुकाआधी शंका येते.) म्हणून उतारा त्याच्याकडून घेऊ नका, थेट ऑफिसमधून मागवा आणि नुसती शेवटची बाकी नाही तर प्रत्येक जमेची तारीख जुळवा. परत दिलेल्या मालाचंही तेच, क्रेडिट नोट (तेवढी रक्कम तुमच्या बाकीतून वजा केल्याची चिठ्ठी) हातात आली नाही तर तो माल परत गेलाच नाही असं समजा.

पैसे देताना चेक अकाउंट पेयी करा आणि पेढीचं पूर्ण नाव तुम्हीच लिहा, जागा कोरी सोडू नका. यूपीआयला पिन टाकायच्या आधी स्क्रीनवर नाव येतं, तिथं पेढीऐवजी माणसाचं नाव दिसलं तर थांबा. एनईएफटीत पैसे फक्त खाते नंबरवर जातात, नाव जुळलं नाही तरी जमा होतात, म्हणून आधी नाव तपासायची सोय 2025 पासून बँकांनी दिलीय ती वापरा. "खातं बदललंय" असा व्हॉट्सॲप आला तर बिलावरच्या जुन्या नंबरला फोन करून विचारा. रोख शक्यतो नकोच, एका दिवसात एकाला 10,000 च्या वर रोख दिली की तो खर्च सहसा इन्कम टॅक्सला धरत नाहीत आणि एका दिवसात एकाकडून 2 लाख किंवा जास्त रोख घेतली तर घेणाऱ्याला तेवढाच दंड बसू शकतो.

वाद झालाच तर पावती, यूटीआर नंबर (बँकेच्या व्यवहाराचा नंबर), सेल्समनबरोबरचं चॅट, सगळं ठेवा, डिलीट करू नका, आणि ऑफिसला लेखी कळवा. पोलिसात तक्रार आम्ही करू, नोकरानं केलेल्या विश्वासघाताला भारतीय न्याय संहितेच्या कलम 316 मध्ये 7 वर्षांपर्यंत शिक्षा आहे, तुमच्याकडून फक्त जबाब आणि पावतीची कॉपी लागेल. पण तोवर त्या पोराचं नाव मार्केटच्या ग्रुपवर टाकू नका, कधी कधी एंट्रीच दुसऱ्याच्या खात्यावर पडलेली असते आणि बदनामी मात्र त्याची होऊन बसते.

एक गोष्ट आमच्या फायद्याची आहे तरी सांगतो. बाकी कबूल असल्याची सही न तपासता करू नका. उधारीच्या दाव्याला सहसा 3 वर्षांची मुदत असते, आणि मुदतीत तुम्ही लेखी कबुली दिली की ती तिथून नव्यानं सुरू होते. जी रक्कम पटत नाही ती सहीच्या वरच लिहा, तिचा निकाल लागेपर्यंत तेवढ्या रकमेचा तगादा आम्ही लावणार नाही, बाकीचं बिल मात्र वेळेवर द्या.