व्हायटाफोन लघुपट

अमेरिकेत वॉर्नर ब्रदर्स या चित्रपट कंपनीने १९२६ पासून व्हायटाफोन या ध्वनिपद्धतीने काढलेले बोलके लघुपट. व्हॉडव्हिल (गाणी, नाच, विनोद यांचा मिश्र कार्यक्रम) आणि संगीत रेव्ह्यू (गाणी-नाचांचा सुट्या प्रवेशांचा खेळ) यांच्या रंगमंचावर गाजलेले गायक, नर्तक, वाद्यवृंद व विनोदी जोड्या यांत आपला ठरलेला कार्यक्रम सादर करतात. पहिला जाहीर खेळ न्यूयॉर्कमध्ये ६ ऑगस्ट १९२६ रोजी झाला. त्यात भर ऑपेरा व अभिजात संगीतावर होता. त्याआधी १९२३ मध्ये अमेरिकन संशोधक ली डी फॉरेस्टने ‘शफल अलाँग’ या संगीतनाट्याचे रचनाकार नोबल सिसल व यूबी ब्लेक यांना फोनोफिल्म या आपल्या बोलपट पद्धतीने टिपले होते. तिथे आवाज फिल्मवरच छापलेला असे; व्हायटाफोनमध्ये तो वेगळ्या तबकडीवर होता.

ही तबकडी १६ इंच व्यासाची, मिनिटाला ३३⅓ फेरे घेणारी. मिनिटाला ९० फूट वेगाने १,००० फुटांचे रीळ सुमारे ११ मिनिटे चाले आणि तेवढा आवाज एका बाजूवर मावे. प्रोजेक्टर व फिरती थाळी एकाच मोटरला जोडलेली असत. ऑपरेटर फिल्मची ‘स्टार्ट’ची चौकट (फिल्मवरचे एक चित्र) प्रोजेक्टरच्या झरोक्यात बसवी आणि सुई तबकडीवरच्या बाणाशी टेकवी. सुई आतून बाहेर जाई. आतल्या आवळ खाचांना नवे, तीक्ष्ण टोक मिळावे म्हणून. प्रत्येक खेळाला नवी सुई लागे आणि साधारण वीस खेळांनंतर तबकडी बदलावी लागे.

सुई एक खाच पुढे उडाली की आवाज १.८ सेकंद, म्हणजे ४३ चौकटी पुढे जाई. फिल्म तुटली तर गेलेल्या चौकटींइतकीच काळी फिल्म जोडणे भाग होते. नुसता सांधा मारला, तर तिथून पुढे ओठ आणि शब्द जुळतच नसत.

मेणाच्या मूळ तबकडीवरचे मुद्रण कापता-जोडता येत नसे. त्यामुळे कलाकार सबंध कार्यक्रम सलग करत आणि आवाजबंद खोल्यांतले अनेक कॅमेरे तो एकाच वेळी टिपत. विनोदानंतरचा थांबा, गाण्याआधीचा श्वास, नर्तकाचा ताल हे सारे मूळ गतीत राहिले. या लघुपटांचे खरे मोल इथेच आहे.

जतन करताना मात्र चित्र एकीकडे, आवाज दुसरीकडे अशी गत होते. १९९१ मध्ये सुरू झालेला व्हायटाफोन प्रोजेक्ट संग्राहकांकडच्या तबकड्या शोधून अभिलेखागारांतल्या फिल्मशी जुळवतो. चेहरा काळा रंगवून गाणाऱ्या अल जॉल्सनचा ‘अ प्लँटेशन अ‍ॅक्ट’ (१९२६) बराच काळ हरवलेला मानला जात होता. त्याची फिल्म लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये मिळाली. तबकडी मात्र फुटून चिकटवलेली होती, त्यामुळे आवाज मोठ्या कष्टाने दुरुस्त करावा लागला.