हिशोब उतरवून घेण्याची जुनी कटकट

मे महिन्यात रत्नागिरी-देवगडच्या बागायतदाराकडे वाशीच्या बाजारातून पट्ट्या येत असतात. किती पेट्या पोचल्या, कुठल्या भावाने गेल्या, भाडं-हमाली वजा जाता काय उरलं, सगळं एका कागदावर. तो आकडा कोणीतरी टॅली या हिशोबाच्या सॉफ्टवेअरमध्ये चढवतं. मालकाला बागेवार हिशोब हवा म्हणून तोच पुन्हा एक्सेलमध्ये जातो, आणि बँकेच्या कर्जासाठी तिसऱ्यांदा लिहिला जातो. ‘कोड न लिहिता हिशोब डेटाबेसमध्ये सिंक करा’, म्हणजे प्रोग्रामर न लावता वहीतले आकडे तक्त्यांच्या साठ्यात आपोआप पोचते ठेवा, असं म्हणत हल्ली जी ‘नो-कोड’ साधनं विकली जातात, ती या दुसऱ्या-तिसऱ्या उतरवण्यावरचा इलाज आहेत.

उतरवण्याचं काम नवं नाही. दिवसाचा व्यवहार कीर्दीत लिहायचा, मग खात्याखात्याने खतावणीत न्यायचा, याला आपल्याकडे खतवणं म्हणतात. पेशवाईत पुण्याला एकबेरीज दप्तर होतं. ठिकठिकाणचे हिशोब तिथे यायचे, खात्यांप्रमाणे लावले जायचे आणि त्यातून जमा, खर्च, शिल्लक यांचे गोषवारे निघायचे. आजच्या भाषेत त्याला डेटा वेअरहाउस, म्हणजे सगळीकडची माहिती एकत्र लावून ठेवायचं कोठार, म्हणता येईल, फक्त सिंक करायला कारकून. पेशव्यांचे हिशोब ज्या फडणीस घराण्याकडे होते, त्यांचं मूळ गाव मंडणगड तालुक्यातलं वेळास. आता लोक तिथे कासवं बघायला जातात.

डेटाबेसची गोष्ट बरीच अलीकडची. १९७० साली आयबीएममधल्या एडगर कॉड यांनी मांडलं की माहिती तक्त्यांत ठेवावी, आणि ती मशीनवर कुठे कशी साठवली आहे याची चिंता विचारणाऱ्याने करू नये. त्यातून पुढे एसक्यूएल, म्हणजे तक्त्यांना प्रश्न विचारायची भाषा, आलं. पण दुकानदाराच्या हातात आधी पडली ती स्प्रेडशीट. १९७९चं व्हिझिकॅल्क हे स्प्रेडशीट सॉफ्टवेअरच माझ्या मते नो-कोडचं खरं मूळ, कारण प्रोग्रामरला न विचारता हिशोबनीस स्वतः मशीनकडून काम करून घेऊ लागला तो तिथे.

भारतात १९८६ साली श्यामसुंदर आणि भरत गोयंका या बापलेकांनी पुट्रॉनिक्स काढली, तीच पुढची टॅली. त्या काळी सॉफ्टवेअरमध्ये प्रत्येक खात्याला आकडी कोड द्यावा लागे. टॅलीत थेट खात्याचं नाव लिहिता यायचं आणि तिची जाहिरातही ‘कोडशिवाय हिशोब’ अशीच होत असे. म्हणजे ‘नो-कोड’ आपल्या पेढ्यांवर कधीच येऊन बसलं होतं, वेगळ्या अर्थाने.

टॅलीचा डेटा मात्र तिच्या स्वतःच्या फायलींत राहतो, सरळ एसक्यूएल टाकून वाचता येत नाही. बाहेरच्या प्रोग्रामला तो एक्सएमएल किंवा ओडीबीसी या माहिती देवघेवीच्या ठरलेल्या पद्धतींनी मागावा लागतो, साधारणपणे ९००० क्रमांकाच्या पोर्टवर (कॉम्प्युटरच्या त्या दारावर), आणि तेव्हा टॅली चालू आणि कंपनी, म्हणजे टॅलीतली त्या पेढीची वही, उघडलेली असावी लागते. वर एक गंमत: एक्सएमएलमध्ये नावे (डेबिट) रक्कम उणे चिन्हाने येते. हे ठाऊक नसलेल्याने पहिल्यांदा बेरीज केली की तेरीज (ट्रायल बॅलन्स) उलटीच दिसते.

सिंक करणाऱ्या साधनांपैकी झॅपियर २०११चं, फाइव्हट्रान २०१२चं, एअरबाइट २०२०चं. ही मंडळी मुख्यतः क्लाउडवरच्या वह्यांसाठी जन्मली. क्विकबुक्स, झीरो किंवा झोहो बुक्स अशी ऑनलाइन वही असेल तर एकदा परवानगी द्यायची, पोस्टग्रेससारखा डेटाबेस निवडायचा, तक्ते आपोआप भरू लागतात. टॅली ऑफिसातल्या कॉम्प्युटरवर असेल तर त्याच मशीनवर एक छोटा प्रोग्राम बसवावा लागतो, आणि मशीन बंद तर सिंक बंद. किनारपट्टीवर हा मुद्दा बारीक नाही. ३ जून २०२०च्या निसर्ग चक्रीवादळानंतर श्रीवर्धन, मंडणगड, दापोलीतल्या कितीतरी गावांत दिवसेंदिवस लाइट नव्हती.

ही गरज खरी वाढवली जीएसटीने, १ जुलै २०१७पासून. ताज्या आंब्यावर कर नाही, डबाबंद पल्पवर आहे. त्यामुळे एकाच कारखान्यात बिनकराची खरेदी आणि कराची विक्री शेजारी-शेजारी नांदतात. २०२०मध्ये जीएसटीआर-२बी, म्हणजे पुरवठादारांनी भरलेल्या बिलांवरून बनणारं दरमहाचं विवरण, आलं आणि पुरवठादाराने भरलेलं व आपल्या वहीतलं दर महिन्याला जुळवणं अंगवळणी पडलं. १ ऑगस्ट २०२३पासून ५ कोटींवर उलाढाल असलेल्यांना ई-इनव्हॉइस, म्हणजे बिल सरकारी पोर्टलवर नोंदवणं, लागू झालं. जुळवणी म्हटली की तक्ते आले, आणि तक्ते हातानं भरायला कोणाला वेळ आहे?

खरी मेख जुन्या नोंदींत आहे. दोन आठवड्यांनी सुधारित पट्टी येते, डाग पडलेल्या पेट्यांचा भाव कमी केलेली. हिशोबनीस टॅलीतलं जुनं व्हाउचर (त्या व्यवहाराची नोंद) उघडून, तारीख तीच ठेवून रक्कम बदलतो. ‘कालच्या तारखेनंतरचं काय आलं?’ एवढंच विचारणाऱ्या साधनाला हा बदल दिसतच नाही. टॅली प्रत्येक व्हाउचरला एक ऑल्टरआयडी देते आणि दुरुस्ती झाली की तो आकडा पुढे सरकतो. नीट बनवलेलं साधन तारीख न बघता तो बघतं. पण व्हाउचर पुसूनच टाकलं तर? मग सरकायला आकडाच उरत नाही. ते डेटाबेसमध्ये तसंच जिवंत राहतं आणि दोन्हीकडची शिल्लक जुळेनाशी होते. अधूनमधून पूर्ण यादी ताडून बघणं हाच उपाय, म्हणून विकायला आलेल्याला पहिला प्रश्न पुसलेल्या नोंदीचा विचारावा. डॅशबोर्डचे रंग मागाहून बघता येतात.

लाल वहीत चुकलेल्या ओळीवर रेघ मारत, खालचं वाचता येत असे. १ एप्रिल २०२३पासून कंपन्यांना असंच, बदलांचा माग ठेवणारं सॉफ्टवेअर वापरणं बंधनकारक आहे. आपल्याकडच्या आंबा-काजूच्या पेढ्या बहुतेक मालकीच्या नाहीतर भागीदारीतल्या. त्यांना हा नियम लागू नाही, तेव्हा माग ठेवायचा की नाही हे ज्याचं त्याने ठरवायचं.