आंतरपाटासाठी खोळंबलेला लिंटर

परवा रविवारी सकाळी भाची गंगापूर रोडवरून थेट आमच्या घरी आली. इंजिनिअरिंगचं दुसरं वर्ष, पाठीवर सॅक, चेहरा वैतागलेला. "मामा, हे चालूच होत नाहीये." पडद्यावर एकच तक्रार होती: लिबटिन्फो.एसओ.५ ही सामायिक लायब्ररी फाइल सापडत नाही.

अडून बसला होता तो क्लँग-टायडी. सी आणि सी प्लस प्लस या प्रोग्रॅमिंगच्या भाषांमधला कोड वाचून चुका काढणारा हा लिंटर. काळ्या शर्टावर नव्या टॉवेलची पांढरी लव चिकटते ना, तिला इंग्रजीत लिंट म्हणतात. १९७८ मध्ये बेल लॅब्समध्ये स्टीफन जॉन्सन यांनी कोडवरची अशी लव टिपणारा प्रोग्रॅम लिहिला आणि त्याला हेच नाव दिलं. कोडचं यंत्राच्या भाषेत रूपांतर करणारा कंपायलर विचारतो, हे वाक्य भाषेत बसतं का? लिंटर विचारतो, बाई गं, तुला खरंच हेच म्हणायचं होतं का?

भाचीचा प्रोजेक्ट लासलगावच्या कांद्याच्या भावांवर आहे. "भाव ४० आहे का?" हे विचारायला सी प्लस प्लसमध्ये बरोबरची दोन चिन्हं लागतात. एकच टाकलं की तो प्रश्न राहत नाही, हुकूम होतो: भाव ४० कर. भाषेच्या दृष्टीने दोन्ही शुद्ध. पण दुसऱ्या प्रकारात बाजार कितीही पडो, उत्तर कायम "हो" येतं आणि खरा भाव पुसला जातो तो वेगळाच. शेतकऱ्याला असा बाजार मिळाला तर तो नाही म्हणणार नाही, पण प्रोजेक्टचे मार्क जातात.

ही चूक शोधायची तर आधी कोडचं व्याकरण समजायला हवं, आणि सी प्लस प्लसचं व्याकरण म्हणजे महाकठीण प्रकरण. म्हणून क्लँग-टायडी ते स्वतः नव्याने शिकत बसत नाही. क्लँग कंपायलरचा जो वाचणारा भाग आहे, तोच वापरतो. एडिटरमध्ये लिहिता लिहिता चुका दाखवणारा क्लँगडीही तोच वापरतो. लिनक्सच्या अनेक वितरणांत, म्हणजे उबुंटूसारख्या तयार संचांत, हा भाग वेगळ्या सामायिक फाइलमध्ये ठेवलेला असतो. डिस्कवर एक प्रत, आणि तिघे एकाच वेळी चालू असले तरी मेमरीतही तिच्यातला कोड एकदाच.

आमच्या नाशिकचं सार्वजनिक वाचनालय १८४० चं. तिथला सभासद प्रत्येक पुस्तक विकत घेऊन घरी रचत नाही, नाव सांगतो आणि मागून घेतो. प्रोग्रॅमही असाच चिठ्ठी घेऊन येतो. चिठ्ठीत फाइलचं नाव आणि शेवटी एक आकडा असतो. कपाट कुठलं, हे सहसा नसतं. ते शोधणं डायनॅमिक लिंकरचं काम. प्रोग्रॅमची पहिली ओळ चालण्याआधी तो चिठ्ठी वाचतो, ठरलेल्या जागा धुंडाळतो, सगळं गोळा करतो. एक जरी नाव मिळालं नाही तर प्रोग्रॅम सुरूच होत नाही. एलडीडी नावाची आज्ञा दिली की ही चिठ्ठी आपल्यालाही वाचता येते. आम्ही वाचली. बाकी सगळी नावं सापडली होती, एक सोडून.

आता ही लिबटिन्फो करते काय? व्याकरणाशी तिचा काडीचा संबंध नाही. टर्मिनलला, म्हणजे आज्ञा टाइप करायच्या पडद्याला, काय काय जमतं याची माहिती ती देते. लिंटचा जन्म झाला त्याच १९७८ साली डीईसी कंपनीचा व्हीटी१०० टर्मिनल बाजारात आला, त्याला रंग नव्हते. पुढे तऱ्हेतऱ्हेचे टर्मिनल आले, प्रत्येकाची तऱ्हा निराळी, म्हणून त्यांची नोंदवही ठेवावी लागली. क्लँग-टायडी या वहीला एवढंच विचारतो: या पडद्याला रंग येतात का? मांडव भरलाय, भटजी आलेत, मुहूर्त टळतोय आणि आंतरपाट सापडत नाही म्हणून लग्न अडलंय, तसला प्रकार. मला हा सरळसरळ आळस वाटतो. रंग कळला नाही तर काळ्या-पांढऱ्यात लिही की! पण चिठ्ठीत "जमलं तर आणा" असं लिहायची सोय नसते. तशी फाइल नंतर मागवता येते, पण ती तजवीज प्रोग्रॅम लिहिणाऱ्याला वेगळी करावी लागते. क्लँग बनवणाऱ्या एलएलव्हीएमवाल्यांनी नव्या आवृत्त्यांत ही गरजच काढून टाकली, ते बरं केलं.

भाचीने सिनिअरच्या पेनड्राइव्हवरून जुनी प्रत उचलली होती, लॅपटॉपवर मात्र उबुंटू २४.०४. तिथे लिबटिन्फो आहे, पण आकडा ६. शेवटचा आकडा बदलला म्हणजे फाइलशी बोलण्याची रीत बदलली, जुन्या प्रोग्रॅमने गृहीत धरू नये, असा इशारा असतो. लिबटिन्फो ज्या एनकर्सेस लायब्ररीचा भाग आहे, तिची ६ वी आवृत्ती २०१५ मध्ये आली तेव्हा रंगांच्या जोड्या आणि माउस यांची मांडणी बदलली होती.

माझं बोलणं चालू असताना भाचीने ६ च्या फाइलला ५ ची पाटी लावूनही टाकली. कुरकुर करत का होईना, चाललं! कारण क्लँग-टायडी ज्या दोन-चार फंक्शनना हाक मारतो ती बदललेली नव्हती. माउस वापरणारा एखादा प्रोग्रॅम याच पाटीला फसला असता आणि चूक कुठे झाली हे कळलंही नसतं. मी ती पाटी काढायला लावली.

चिठ्ठीतली नावं बिनमहत्त्वाची समजू नयेत. मार्च २०२४ मध्ये आंद्रेस फ्रॉइंड यांना दूरच्या संगणकात शिरायच्या एसएसएचच्या लॉगिनला सुमारे अर्धा सेकंद जास्त लागतोय असं जाणवलं आणि लिबएलझेडएमए या फाइली दाबून लहान करणाऱ्या लायब्ररीतला चोरदरवाजा उघड झाला. मूळ एसएसएचच्या चिठ्ठीत हे नाव नव्हतंच. काही वितरणांनी त्याला लिनक्समधल्या सेवा सांभाळणाऱ्या सिस्टमडीची लायब्ररी जोडली होती, आणि ती लिबएलझेडएमएला बरोबर घेऊन आली होती.

मग उबुंटूच्याच भांडारातून क्लँग-टायडी घेतला, त्याच घरच्या ६ शी जुळवून बांधलेला. कांद्याची फाइल त्याच्यापुढे टाकली. बरोबरचं एकच चिन्ह असलेली ती ओळ त्याने पहिल्या फटक्यात धरली.

"मामा, मला वाटलं इशारा लाल असेल. जांभळा आहे हा."

लाल चुकांसाठी राखलेला, मी म्हटलं. तोवर ती पुढच्या जांभळ्या ओळीवर गेली होती.