चेक युअर हेड

‘चेक युअर हेड’ हा बीस्टी बॉइज या न्यूयॉर्कच्या हिप-हॉप त्रिकुटाचा तिसरा अल्बम. २१ एप्रिल १९९२ रोजी तो कॅपिटल रेकॉर्ड्स आणि त्रिकुटाची स्वतःची कंपनी ग्रँड रॉयल यांच्यातर्फे बाजारात आला. वीस ट्रॅक, अवधी सुमारे ५३ मिनिटे. निर्माते म्हणून त्रिकुटाच्या जोडीने मारिओ कॅल्डाटो ज्युनिअर याचे नाव आहे. रॅप, हार्डकोर पंक, सत्तरच्या दशकातल्या फंकच्या (ठेक्यावर भर देणाऱ्या कृष्णवर्णीय अमेरिकी संगीताच्या) वळणाचे निव्वळ वाद्यसंगीत आणि जुन्या रेकॉर्डांतून कापून घेतलेले तुकडे या अल्बममध्ये एकाच पंगतीला बसले आहेत. त्यात यजमान कोण आणि पाहुणा कोण, हे शेवटपर्यंत कळत नाही.

सुरुवातच उसन्या वाक्याने होते. चीप ट्रिक या रॉक बँडने १९७८मध्ये टोकियोच्या बुडोकान सभागृहात कार्यक्रम केला होता. पुढचे गाणे आमच्या नव्या अल्बममधले पहिले गाणे आहे, असे त्यांच्या गायकाने तेव्हा प्रेक्षकांना सांगितले होते. तेच वाक्य इथे जसेच्या तसे उचलून अल्बमच्या तोंडाशी लावले आहे. स्वतःच्या पहिल्या गाण्याची वर्दी दुसऱ्याच्या तोंडून, तीही चौदा वर्षांपूर्वीच्या टाळ्या-शिट्ट्यांसकट! त्यानंतर सुरू होणाऱ्या गाण्याचे नाव ‘जिमी जेम्स’. जिमी हेंड्रिक्स प्रसिद्ध होण्याआधी याच नावाने रंगमंचावर उभा राहत असे.

पंकची पाळेमुळे

मायकल डायमंड (माइक डी), ॲडम यॉक (एमसीए) आणि ॲडम होरोविट्झ (ॲड-रॉक) यांना जग ओळखते ते रॅपर म्हणून. पण १९८१मध्ये बीस्टी बॉइज उभे राहिले ते हार्डकोर पंक बँड म्हणून. हार्डकोर ही पंकची सगळ्यात तापट शाखा. गाणे मिनिट-दीड मिनिटात संपते, ड्रम्स धापा टाकत पळतात आणि गाणारा गातो कमी, ओरडतो जास्त. त्या वेळी डायमंड गायचा, यॉक बेस वाजवायचा, गिटारवर जॉन बेरी होता आणि ड्रम्सवर केट शेलेनबाख. १९८२मध्ये ‘पॉली वॉग स्ट्यू’ ही छोटी रेकॉर्ड निघाली. पुढे बेरीच्या जागी होरोविट्झ आला आणि १९८३च्या ‘कुकी पस’ने सगळेच फिरवले. आइस्क्रीमच्या दुकानात फोन करून केलेली टवाळी आणि तिच्याखाली एक ठेका, एवढाच त्या रेकॉर्डचा ऐवज. पण ती क्लबांत वाजू लागली आणि मंडळी रॅपकडे वळली. या वळणावर शेलेनबाख गटाबाहेर पडली.

१९८६च्या ‘लायसन्स्ड टू इल’ या त्रिकुटाच्या पहिल्या अल्बमचा निर्माता होता रिक रुबिन. बिलबोर्ड या अमेरिकी संगीत-नियतकालिकाच्या अल्बम-यादीत पहिल्या क्रमांकावर गेलेला तो पहिला रॅप अल्बम. कार्यक्रमांत बिअर उडवणारी वात्रट पोरे ही त्रिकुटाची प्रतिमा त्याच काळातली, आणि ती पुसायला त्यांना बरीच वर्षे लागली. पुढे पैशांवरून आधीच्या कंपनीशी बिनसले, मुक्काम लॉस एंजेलिसला हलला, आणि १९८९मध्ये डस्ट ब्रदर्स या निर्मात्यांच्या साथीने ‘पॉल्स बुटीक’ निघाला. शेकडो जुन्या तुकड्यांची ती गोधडी आज हिप-हॉपमधला मैलाचा दगड मानली जाते. तेव्हा मात्र ती आपटली. पहिल्या अल्बमच्या लाखो ग्राहकांना हवी होती दंगामस्ती; त्यांच्या हाती आली बारीक वीण, आणि त्यांनी पाठ फिरवली.

अपयशाचा एक फायदा असा की कंपनीला तुमच्यात फारसा रस उरत नाही. पुढचा अल्बम कधी, कसा, कशावर, हे विचारायला फारसे कोणी येत नाही. ‘चेक युअर हेड’ याच मोकळिकीत घडला.

जी-सन

लॉस एंजेलिसच्या ॲटवॉटर व्हिलेज भागात त्रिकुटाने एक जुना मोठा हॉल घेतला आणि तिथे जी-सन हा स्वतःचा स्टुडिओ थाटला. आत बास्केटबॉलची जाळी होती आणि स्केटबोर्डसाठी लाकडी उतारही. स्टुडिओचे भाडे तासाच्या हिशोबाने मोजणाऱ्या कोणत्याही निर्मात्याला हे वेडेपण वाटले असते. पण जागा घरचीच असल्याने घड्याळाकडे पाहायचे कारण नव्हते. दुपारी जमायचे, खेळायचे, कंटाळा आला की वाद्ये उचलायची. डायमंड ड्रम्सवर, यॉक बेसवर, होरोविट्झ गिटारवर. यॉक उभा बेसही वाजवू लागला.

की-बोर्डवर बसला मार्क रामोस निशिता. तो व्यवसायाने सुतार. ‘पॉल्स बुटीक’च्या दिवसांत त्रिकूट ज्या घरात राहत होते तिथले फाटक दुरुस्त करायला तो आला, पुढे जी-सनचे सुतारकामही त्याने केले, आणि रंधा ठेवून ऑर्गनवर बसला तो ‘मनी मार्क’ होऊनच. अल्बममधली ऑर्गन आणि क्लॅव्हिनेट या विजेवरच्या की-बोर्डची ऊब बहुतांशी त्याची आहे. एका ट्रॅकचे तर नावच ‘मार्क ऑन द बस’.

इथवर ही रॅपरांनी वाद्ये हातात घेतल्याची साधी गोष्ट आहे. तसे आधीही झाले होते. या अल्बमचे वेगळेपण पुढच्या पायरीत आहे. हे चौघे तासन्‌तास मनाला येईल ते वाजवत बसायचे आणि कॅल्डाटो ते टेपवर घेत राहायचा. मग त्या टेपा ऐकायच्या आणि जिथे चार-दोन मात्रा अचानक जमून आल्या असतील तेवढाच तुकडा कापायचा. तो सॅम्पलरमध्ये, म्हणजे आवाजाचे तुकडे साठवून वाजवणाऱ्या यंत्रात, घालून लूप करायचा, म्हणजे गोल फिरवत ठेवायचा, आणि त्यावर रॅप करायचे. हिप-हॉपचा निर्माता दुसऱ्यांच्या जुन्या रेकॉर्डी जशा धुंडाळतो, तशा यांनी स्वतःच्याच टेपा धुंडाळल्या. काल आपणच वाजवलेले आज परक्याच्या कानाने ऐकायचे, आणि नव्वद टक्के फेकून द्यायचे. मैफलीतल्या एका जागेसाठी अख्खी टेप जपून ठेवणारे रसिक आपल्याकडेही आहेत, पण त्या जागेवरच नवी इमारत उभारायची हे काम वेगळे.

यांच्यापैकी उस्ताद कोणीच नव्हते, आणि तसा दावाही त्यांनी केला नाही. ‘ग्रूव्ह होम्स’ हा ट्रॅक रिचर्ड ‘ग्रूव्ह’ होम्स या ऑर्गनवादकाला वाहिलेला आहे. त्यात आणि ‘पाव’ किंवा ‘इन थ्रीज’सारख्या शब्दांविना वाजणाऱ्या ट्रॅकांत कौशल्यापेक्षा चाल जास्त आहे. निष्णात वादकांनी हेच वाजवले असते तर ते कदाचित गुळगुळीत झाले असते. इथे ठेका किंचित रेंगाळतो, ड्रम्सचा आवाज खोलीच्या भिंतींवरून येतो, आणि ती धूळ कानाला जुन्या रेकॉर्डसारखीच लागते. त्यामुळे कोणता तुकडा विकतचा आणि कोणता घरचा, हे पहिल्या ऐकण्यात ओळखू येत नाही.

पंकचा वारसा मात्र उघड आहे. स्लाय अँड द फॅमिली स्टोनचे १९७४चे ‘टाइम फॉर लिव्हिन’’ इथे हार्डकोरच्या वेगाने, जेमतेम दोन मिनिटांत उरकले आहे. ‘ग्रॅटिट्यूड’ तर यॉकच्या बेसवरच उभे आहे. सुपर-फझ नावाच्या, आवाज फाटका करणाऱ्या जुन्या पेडलमधून काढलेला तो आवाज करवतीसारखा कापत जातो. आणि रॅपही तसाच. ‘सो व्हॉट’चा वाँट’मध्ये तिघांचे आवाज मुद्दाम फाटके ठेवले आहेत, स्वस्त माइकमधून कोणी खेकसावे तसे. दहा वर्षांपूर्वी तळघरातल्या कार्यक्रमांत जो आवाज नाइलाजाने यायचा, तो इथे हौसेने आणला आहे.

उसने, घरचे आणि कायद्याचे

डिसेंबर १९९१मध्ये न्यूयॉर्कच्या फेडरल न्यायालयात बिझ मार्की या रॅपरच्या विरोधात निकाल लागला. गिल्बर्ट ओ’सलिव्हनच्या १९७२च्या गाण्यातला तुकडा त्याने परवानगीविना वापरला होता. न्यायाधीश केविन डफी यांनी निकालपत्राची सुरुवातच बायबलमधल्या ‘चोरी करू नकोस’ या आज्ञेने केली. तेव्हापासून प्रत्येक तुकड्याची परवानगी आधी आणि पैसेही आधी, अशी रीत पडली. ‘पॉल्स बुटीक’सारखी गोधडी पुन्हा शिवणे परवडेनासे झाले.

या निकालाच्या धाकाने बीस्टी बॉइज वाद्यांकडे वळले, असे अनेकदा लिहिले जाते. तारखा पाहिल्या तर ते पटत नाही. जी-सनमधले बरेचसे काम निकालाच्या आधीच झाले होते, आणि सॅम्पलिंग, म्हणजे दुसऱ्यांच्या रेकॉर्डांतले तुकडे उचलणे, हेही त्यांनी सोडले नव्हते. ‘फिंगर लिकिन’ गुड’मध्ये तर चक्क बॉब डिलनची एक ओळ येते; घासाघीस करून तिचा दर आपण कसा खाली आणला, हे माइक डी मुलाखतीत अभिमानाने सांगत असे. खुद्द बिझ मार्कीही या अल्बमवर आहे. ‘द बिझ व्हर्सेस द न्यूज’ या अर्ध्या मिनिटाच्या ट्रॅकवर तो रॉक गिटारवादक टेड न्यूजंटच्या गिटारच्या उचललेल्या तुकड्यासोबत बेसूर गातो. नुकताच खटला हरलेला गडी, आणि खाली पुन्हा सॅम्पल. याहून चांगली खोडी सुचणे कठीण.

खरा गाजलेला खटला उभा राहिला तो ‘पास द माइक’वरून. त्याच्या आरंभी जेम्स न्यूटन या बासरीवादकाच्या ‘क्वायर’ या १९७८च्या रचनेच्या १९८१मधल्या ध्वनिमुद्रणातला सहा सेकंदांचा तुकडा आहे. न्यूटन बासरीवर एक सूर धरून ठेवतो आणि त्याच वेळी गळ्याने तीन सूर गातो. धरलेल्या सुराला षड्ज मानले तर ते तीन सूर होतात सा, कोमल रे, सा. वाद्याचा आणि गळ्याचा आवाज एकमेकांवर घासून जी गुरगुर निघते, ती त्रिकुटाला हवी होती. ग्रामीण आर्कान्सामधल्या एका चर्चमध्ये चार कृष्णवर्णीय स्त्रियांना गाताना पाहिल्याच्या बालपणीच्या आठवणीतून ही रचना सुचल्याचे न्यूटनने सांगितले होते.

त्रिकुटाने ध्वनिमुद्रण वापरण्याचा परवाना ईसीएम या रेकॉर्ड कंपनीकडून १,००० डॉलरना घेतला होता. रचनेची परवानगी मात्र न्यूटनकडून घेतली नव्हती, आणि २०००मध्ये तो न्यायालयात गेला. आपल्या भाषेत मांडायचे तर वाद बंदिश आणि गायकी यांचा होता. गायकी, म्हणजे त्या दिवशी त्या माणसाने जे वाजवले ते, त्रिकुटाने विकत घेतले होते. उरली बंदिश, आणि कागदावर ती तीन सुरांपुरतीच होती. एवढ्या तोकड्या अंशाच्या वापराने रचनेच्या हक्काचा भंग होत नाही, असे खालच्या न्यायालयाने २००२मध्ये ठरवले, अपील न्यायालयाने २००३मध्ये तेच कायम केले, आणि २००५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रकरण ऐकायला नकार दिला. कायद्याच्या पुस्तकात निकाल बरोबर असेलही. पण स्वरलिपीत न मावणाऱ्या संगीताची किंमत स्वरलिपीवरूनच ठरली, हे भैरव किंवा तोडीतल्या कोमल रिषभावर पोसलेल्या कानाला खटकल्याशिवाय राहत नाही. त्या तुकड्यात जे काही आहे ते सगळे त्या गुरगुरीत आहे, आणि ती कागदावर नव्हतीच.

पुढे

मुखपृष्ठावर ग्लेन ई. फ्रीडमन याने काढलेले कृष्णधवल छायाचित्र आहे: फुटपाथच्या कडेला सामानासकट बसलेले तिघे. पंक, स्केटबोर्ड आणि हिप-हॉप या तिन्ही जगांत कॅमेरा घेऊन वावरलेला हा माणूस. निवड अचूक होती. शेवटच्या ट्रॅकचे नाव ‘नमस्ते’. त्यात यॉक गात नाही, मंद वाद्यांवर जवळपास पुटपुटतो. पुढे यॉकने बौद्ध धर्म स्वीकारला, १९९४मध्ये तिबेटसाठी काम करणारा मिलारेपा फंड स्थापण्यात पुढाकार घेतला आणि १९९६पासून तिबेटच्या स्वातंत्र्यासाठी मोठे संगीत-कार्यक्रम घडवले. त्या वाटेची पहिली चाहूल या ट्रॅकमध्ये लागते.

अल्बम बिलबोर्डच्या यादीत दहाव्या क्रमांकापर्यंत गेला आणि अमेरिकेत दुहेरी प्लॅटिनम, म्हणजे वीस लाख प्रतींचा, ठरला. दौऱ्यात सोबत होते रोलिन्स बँड आणि सायप्रेस हिल. म्हणजे एक हार्डकोरच्या कुळातला, दुसरा रॅपचा. हीच रीत वापरून केलेला ‘इल कम्युनिकेशन’ १९९४मध्ये थेट पहिल्या क्रमांकावर गेला. या दोन्ही अल्बमांतले शब्दांविना असलेले ट्रॅक एकत्र करून १९९६मध्ये ‘द इन साउंड फ्रॉम वे आउट!’ काढण्यात आला. ४ मे २०१२ रोजी यॉकचे कर्करोगाने निधन झाले आणि गटाचे काम थांबले.

ग्रँड रॉयलने सुरुवातीलाच ज्या बँडांना हात दिला, त्यांत न्यूयॉर्कचा लशस जॅक्सन हा स्त्रियांचा बँड होता. त्याच्या ड्रम्सवर होती केट शेलेनबाख.