मका हाक मारतो

मक्याच्या पोंग्यात लाकडाच्या भुशासारखी विष्ठा दिसली की शेतकऱ्याच्या पोटात गोळा येतो. २०१८ साली भारतात शिरलेली अमेरिकन लष्करी अळी आत दडून बसलेली असते आणि फवारा तिथवर धड पोचत नाही. मका मात्र मुकाट्याने खाऊन घेत नाही. तो हाक मारतो, वासाने.

गवत कापल्यावर जो हिरवा, ओलसर वास दरवळतो, तसा वास पान चावलं जाताच निघतो. त्याने शेजारची रोपंही सावध होतात. खरी गंमत काही तासांनी सुरू होते. फ्लोरिडातल्या गेन्सव्हिल इथे टेड टर्लिंग्ज आणि सहकाऱ्यांनी १९९० मध्ये दाखवलं, की लष्करी अळीच्याच कुळातल्या एका अळीने कुरतडलेला मका वेगळंच सुगंधी मिश्रण सोडतो. त्या वासाच्या मागावर एक इवलीशी परोपजीवी गांधीलमाशी येते आणि अळीच्या अंगात अंडं घालते. पुढे तिचं पिल्लू अळीला आतून खातं.

नुसतं पात्याने ओरखडलेलं पान असं बोलावत नाही. त्याच ओरखड्यावर अळीची लाळ लावली, की बोलावतं! लाळेतलं व्होलिसिटिन हे द्रव्य १९९७ मध्ये सापडलं. त्याचा अर्धा भाग अळीने खाल्लेल्या पानातूनच आलेला असतो, हे वाचून मी थक्क झालो होतो.

मुळंही बोलतात. मूळ कुरतडणाऱ्या डायब्रोटिका भुंगेऱ्याच्या अळ्या लागल्या, की ती कॅरिओफिलीन सोडतात. लवंग-मिरीच्या वासात असतं तेच हे द्रव्य. मातीतले सूत्रकृमी त्याच्या मागाने येऊन अळ्यांना मारतात. पण २००५ मध्ये एक वाईट गोष्ट उघड झाली: युरोपातल्या अनेक वाणांत आणि मक्याच्या रानटी पूर्वजात ही हाक आहे, अमेरिकेतल्या बहुतेक वाणांत नाही. वाण निवडताना तिच्याकडे कुणाचं लक्षच नव्हतं, कारण ती आहे हेच ठाऊक नव्हतं. मला हे नुकसान उत्पादनात मोजता येईल त्याहून मोठं वाटतं.

२००९ मध्ये शास्त्रज्ञांनी अशाच एका मुक्या वाणात ओरेगॅनोचं जनुक घातलं. मुळं पुन्हा तो वास सोडू लागली. सूत्रकृमी सोडलेल्या शेतात त्या झाडांखालून ६० टक्के कमी भुंगेरे बाहेर पडले.