कॅमेऱ्याला आत्मा दिसत नाही, मग दाखवायचा कसा?

शरीर आणि आत्मा असल्या विषयावरची शॉर्टफिल्म लागली की बरेच जण पाच मिनिटांत वैतागतात, काही घडतच नाही म्हणून. पण हा संथपणा उगाच आलेला नाही. अडचण पहिल्यापासून एकच, कॅमेऱ्यात येतं ते फक्त शरीर.

सुरुवातीला यावर उपाय होता डबल एक्स्पोजर, म्हणजे एकाच फिल्मवर दोनदा शूट करायचं, की पडलेल्या माणसातून त्याचाच आरपार दिसणारा माणूस उठतो. १९२१ च्या 'द फँटम कॅरेज' या स्वीडिश मूकपटात हे इतकं भारी जमलंय की आजही बघवतं, पण खरं सांगायचं तर तो आत्मा म्हणजे पातळ केलेलं शरीरच की!

खरा फरक पाडला अमेरिकेतल्या प्रायोगिक फिल्ममेकर माया डेरेनने. तिच्याकडे सेकंडहँड १६ एमएम बोलेक्स कॅमेरा होता, चावीवर चालणारा, एकदा चावी दिली की जेमतेम अर्धा मिनिट चालायचा आणि १०० फुटांचा रोल पावणेतीन मिनिटांत खलास, तेव्हा असे सिनेमे छोटे का असायचे याचं अर्धं उत्तर इथेच मिळतं. १९४५ च्या तिच्या फिल्ममध्ये नर्तक टॅली बीटी पाय उचलतो जंगलात आणि टेकवतो थेट घरात. १९४८ मध्ये तिने चाओ-ली चीच्या चिनी युद्धकलेच्या हालचाली शूट केल्या आणि मधल्या एका पॉइंटपासून तेच फुटेज उलटं चालवलं, पण हालचाली इतक्या गोल गोल आहेत की पटकन लक्षातच येत नाही (मला तर दुसऱ्यांदा बघताना कळलं). म्हणजे ट्रिक आहेच, फक्त ती शरीरावर न करता काळावर केलीय.

स्टॅन ब्रॅकेज हा दुसरा अमेरिकन प्रायोगिक फिल्ममेकर बरोब्बर उलट्या टोकाला गेला. १९७१ मध्ये त्याने पिट्सबर्गच्या शवागारात पोस्टमॉर्टेम शूट केलं, साधारण अर्धा तास, आवाज नाही, म्युझिक नाही, फक्त देह. फिल्मचं नाव काय, तर 'ऑटोप्सी' (म्हणजे पोस्टमॉर्टेम) शब्दाचा मूळ ग्रीक अर्थ, स्वतःच्या डोळ्यांनी बघणं. कमकुवत मनाच्यांनी जपून.

पुढे व्हिडिओ आला आणि रोल संपायची कटकट गेली. व्हिडिओ आर्टिस्ट बिल व्हायोलाने १९९२ मध्ये तीन पडदे शेजारी शेजारी लावले, एकावर बाळाचा जन्म, दुसऱ्यावर मरणपंथाला लागलेली व्हायोलाची स्वतःची आई, आणि दोघांच्या मधे कपड्यांसकट पाण्यात बुडालेला एक माणूस, जो कधी धडपडतो, कधी नुसताच तरंगत राहतो.